कट कुठे आहे? चादर, टायर आणि भोवरा: संशोधनाची तयारी करणाऱ्यांसाठी चार फिल्म्स

पीएच.डी.ची तयारी करणाऱ्यांना रिसर्च मेथडॉलॉजीची जाडजूड पुस्तकं वाचायला सांगतात. ती वाचाच, पेटच्या पेपरला त्यातलं विचारतात. पण त्यासोबत मी तुम्हाला चार जुन्या फिल्म्स बघायला सांगेन. सगळ्यात जुनी १९६० ची, सगळ्यात नवी १९८७ ची. सगळ्यात छोटी सात मिनिटांची आणि सगळ्यात लांब अर्ध्या तासाची. एकीतही प्रयोगशाळेतली महागडी यंत्रं नाहीत. आहेत त्या साध्या वस्तू: पिकनिकची चादर, टेबल, टायर, कचऱ्याची पिशवी, किटली, भोवरा.

या फिल्म्स बहुतेक वेळा 'विज्ञान किती सुंदर असतं बघा' म्हणून दाखवल्या जातात. ओरिएंटेशनच्या दिवशी लावतात, सगळे टाळ्या वाजवतात, चहा होतो, विषय संपतो. मला हे पटत नाही. सुंदर वाटणं ठीक आहे, पण संशोधन करायचं असेल तर या फिल्म्स आपण जसा पेपर वाचतो तशा बघाव्या लागतात. म्हणजे एक प्रश्न हातात धरून बघायच्या: कट कुठे आहे?

कट म्हणजे एक शॉट संपून दुसरा जोडला जातो ती जागा. त्या जोडात जे घडलं ते आपल्याला दिसत नाही. रिसर्च पेपरमध्येही असे कट असतातच. 'नमुना तयार केला' आणि 'त्याचं मोजमाप घेतलं' या दोन वाक्यांमध्ये कधी दोन तास असतात, कधी सहा महिने. कट असणं हा गुन्हा नाही, कटशिवाय ना फिल्म होते ना थेसिस. प्रश्न एवढाच की करणाऱ्याने तो दाखवलाय, लपवलाय, की त्याचाच उपयोग करून घेतलाय.

माझं मत आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे वाद घालायला सोपं जाईल. या चारांमधली जी सर्वांत गाजलेली आहे, ती संशोधनाच्या विद्यार्थ्याला सगळ्यात जास्त चकवते. आणि जिचं नाव सहसा कुणी घेत नाही, ती सगळ्यात जास्त शिकवते.

चादर: 'पॉवर्स ऑफ टेन'

चार्ल्स आणि रे ईम्स हे अमेरिकन डिझायनर जोडपं. त्यांची 'पॉवर्स ऑफ टेन' १९७७ ची, साधारण नऊ मिनिटांची. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी ती शाळेत किंवा यूट्यूबवर बघितली असेल. शिकागोच्या तलावाकाठी एक जोडपं चादर टाकून बसलंय, पुरुषाचा डोळा लागलाय. कॅमेरा वरून बघतोय आणि चौकट एक मीटर रुंद आहे. मग दर दहा सेकंदांनी कॅमेरा दहापट लांब जातो आणि चौकट दहापट रुंद होते. शहर, पृथ्वी, सूर्यमाला, आकाशगंगा असं करत १० च्या २४ व्या घातापर्यंत, म्हणजे सुमारे १० कोटी प्रकाशवर्षांपर्यंत. तिथून झपाट्याने परत, आणि मग त्या झोपलेल्या माणसाच्या हाताच्या कातडीत शिरून पेशी, डीएनए, कार्बनचा अणू, अणुकेंद्र असं खाली खाली १० च्या उणे १६ व्या घातापर्यंत. मूळ कल्पना केस बुके या डच शिक्षकाच्या १९५७ च्या 'कॉस्मिक व्ह्यू' या पुस्तकातली. निवेदन आहे फिलिप मॉरिसन या भौतिकशास्त्रज्ञाचं.

एक गोष्ट ही फिल्म अप्रतिम शिकवते: लॉग स्केल. प्रत्येक घाताला सारखाच वेळ देऊन तिने काळाचाच लॉग अक्ष करून टाकलाय. लॉग-लॉग आलेख बघितला की ज्यांना धडकी भरते त्यांनी ही फिल्म तीनदा बघावी, भीती जाईल.

पण आता पेन घ्या. कॅमेऱ्याचं अंतर दर दहा सेकंदांना दहापट होतं, म्हणजे त्याचा वेग कुठल्याही क्षणी साधारण 'अंतर गुणिले ०.२३, दर सेकंदाला' एवढा येतो. हा वेग प्रकाशाच्या वेगाइतका कधी होतो? अंतर १.३ अब्ज मीटर झाल्यावर, म्हणजे १३ लाख किलोमीटरवर. तिथे कॅमेरा प्रवास सुरू झाल्यापासून ९१ व्या सेकंदाला पोचतो. चंद्राची कक्षा मागे टाकून जेमतेम पाच सेकंद झालेली असतात. त्यापुढची अडीच मिनिटं हा कॅमेरा प्रकाशापेक्षा जास्त वेगाने पळतोय. पडद्यावर मात्र कुठे धक्का नाही, कुठे रेघ नाही, सगळं लोण्यासारखं गुळगुळीत.

दुसरी गोष्ट. व्हॉयेजर १ हे यान याच वर्षी, १९७७ मध्ये निघालं आणि माणसाने पाठवलेली सगळ्यात लांबची वस्तू आज तीच आहे. ती अजून १० च्या १३ व्या घातातच आहे. म्हणजे बाहेरच्या दिशेचे शेवटचे अकरा घात असे आहेत, जिथून मागे वळून आपल्याकडे कुठलाही कॅमेरा कधी बघितलेला नाही. आतल्या दिशेला तर वेगळीच अडचण आहे. डोळ्याला दिसणाऱ्या प्रकाशाची तरंगलांबी ४०० ते ७०० नॅनोमीटर. १० च्या उणे सातव्या घाताच्या खाली गेलात की त्या प्रकाशाने 'बघणं', तिथल्या वस्तूला 'रंग' असणं, या शब्दांना रोजचा अर्थ उरत नाही. फिल्ममध्ये मात्र खाली प्रोटॉनपर्यंत रंग आहेत. असे नऊ घात. अकरा आणि नऊ मिळून वीस. एकूण प्रवास चाळीस घातांचा. म्हणजे बरोब्बर अर्ध्या प्रवासात कॅमेरा हा कॅमेरा नाहीच, तो नकाशा आहे.

नकाशा खोटा असतो असं माझं म्हणणं नाही. त्यामागे दुर्बिणी आहेत, वर्णपट आहेत, क्ष-किरणांचे प्रयोग आहेत, शेकडो लोकांचं काम आहे. पण नेमकं तेच गायब आहे. चादरीचा फोटो आणि अणूचं चित्र यांच्या खात्रीत जमीन-अस्मानाचा फरक आहे, आणि फिल्म दोन्ही एकाच आवाजात, एकाच गतीने दाखवते. अगदी शेवटी निवेदक सांगतो की आपल्या आजच्या समजेची कड इथे आली. ते प्रामाणिक आहे. पण समजेची कड फक्त शेवटी नसते, ती वाटेत ठिकठिकाणी असते. फिल्म एकसंध दिसावी म्हणून ते सगळे कट बुजवलेत.

याहून बोलकी गोष्ट म्हणजे १९६८ साली ईम्स जोडप्याने याच कल्पनेचा एक कच्चा खर्डा केला होता, आणि तो फिल्म म्हणून उपलब्धही आहे. त्यात पडद्याच्या कडेला एक फलक आहे: प्रवाशाचं घड्याळ किती, पृथ्वीवरचं घड्याळ किती, वेग प्रकाशाच्या किती टक्के. म्हणजे वर आपण जो हिशोब केला त्याची जाणीव खर्ड्यात होती. पक्क्या प्रतीत ती घड्याळं नाहीत, आणि फिल्म त्यामुळे जास्त देखणी झाली. थेसिसच्या तिसऱ्या ड्राफ्टला तुमच्याही बाबतीत हेच होणार आहे. अडचणीचा परिच्छेद काढला की प्रकरण 'वाहायला' लागतं आणि वाचणाराही खूश होतो. काढण्याआधी तुम्ही काय काढताय ते निदान स्वतःला माहीत असू द्या.

टायर: 'डेर लाउफ डेर डिंगे'

दुसरी फिल्म स्वित्झर्लंडची. पीटर फिश्ली आणि डेव्हिड वाइस या दोन कलाकारांची, १९८७ ची, तीस मिनिटांची. इंग्रजीत तिला 'द वे थिंग्ज गो' म्हणतात. त्याच वर्षी जर्मनीत कासलला भरलेल्या डॉक्युमेंटा प्रदर्शनात ती दाखवली गेली आणि तिथे तिची खूप चर्चा झाली.

सुरुवात अशी: टांगलेली काळी कचऱ्याची पिशवी पीळ सुटत गरगर फिरतेय आणि फिरता फिरता इंच इंच खाली येतेय. शेवटी ती खालच्या टायरला जेमतेम शिवते. टायर हलतो, पुढच्या गोष्टीला धक्का देतो, आणि मग अर्धा तास हे थांबत नाही. फळ्या, बाटल्या, खुर्च्या, किटल्या, मेणबत्त्या, फेस, वात, धूर. एक शिडी उतारावरून दारू प्यायलेल्या माणसासारखी डुलत चालत येते. संगीत नाही, निवेदन नाही. नुसता खडखडाट, फसफस आणि मधूनच लांबलचक वाट बघणं.

या फिल्मवर नेहमी लिहिलं जातं ते 'कार्यकारणभाव' या शब्दाने. अ मुळे ब, ब मुळे क. मला वाटतं हे वाचन उथळ आहे. नीट बघा: पिशवीच्या स्पर्शात टायर ढकलण्याइतकी ताकद आहे का? नाही. टायर आधीच पडायच्या बेतात उभा केलाय. या फिल्ममधली जवळजवळ प्रत्येक वस्तू अशीच आहे. कुणी उंचावर तोलून ठेवलंय, कुणी ताणून, कुणात ज्वालाग्राही पदार्थ भरलाय. ऊर्जा त्या वस्तूतच साठवलेली आहे, आधीच्या वस्तूने फक्त खिट्टी काढली. रसायनशास्त्रवाले याला सक्रियण ऊर्जा म्हणतील: काडेपेटीतली काडी आपण होऊन पेटत नाही, एक छोटा उंबरठा ओलांडून द्यावा लागतो. याच दोघांनी त्याआधी तोल सांभाळून उभ्या केलेल्या घरगुती वस्तूंचे, कोसळायच्या क्षणाआधी काढलेले फोटो केले होते. ती मालिका बघितली की कळतं, यांचं खरं वेड साखळीचं नव्हतंच. यांचं वेड त्या उंबरठ्याचं होतं.

खिट्टी आणि ऊर्जा यांतला हा फरक तुम्हाला कुठल्याही विषयात उपयोगी पडेल. दंगल अफवेमुळे झाली, पीक एका पावसाने गेलं, पेशी एका रेणूमुळे मेली: अशी वाक्यं लिहिताना विचारा, ही खिट्टी आहे का साठवलेली ऊर्जा? समाजशास्त्रातले अनेक वाद या एका प्रश्नावर अडलेले असतात. वस्तू हातात घेऊन हा प्रश्न इतक्या साध्या पद्धतीने विचारणारी दुसरी फिल्म माझ्या बघण्यात नाही.

आता कट. ही फिल्म एका दमात घेतल्यासारखी दिसते. तशी ती नाही. रचना एका गोदामात, तुकड्या-तुकड्याने केलेली आहे आणि जोड बेमालूम आहेत: फेस पसरत असताना, धूर दाटलेला असताना, काहीतरी हळूहळू शिजत असताना. दुसऱ्यांदा बघताना अशा जागा शोधा, सापडतात.

आणि जोड लागणारच होते, त्याचाही हिशोब करून बघू. समजा साखळीत ५० टप्पे आहेत आणि प्रत्येक टप्पा १०० पैकी ९५ वेळा बरोबर होतो. रोजच्या भाषेत ९५ टक्के म्हणजे फर्स्ट क्लास विथ डिस्टिंक्शन. पण ५० च्या ५० टप्पे एकाच खेपेत बरोबर होण्याची शक्यता? ०.९५ चा ५० वा घात, म्हणजे साधारण ८ टक्के. शंभर वेळा मांडलं तर आठ वेळा शेवटपर्यंत जाणार. प्रत्येक टप्प्याची खात्री ९९ टक्क्यांवर नेली तरी पूर्ण साखळी ६० टक्केच वेळा जाते. या दोघांच्या तयारीचं चित्रणही झालेलं आहे, त्यात वस्तू पुन्हा पुन्हा फसताना दिसतात. अर्ध्या तासाची फिल्म म्हणजे फसलेल्या खेपा काढून टाकून उरलेला भाग.

तुम्ही वाचता ते पेपर बहुतांशी याच जातीचे असतात. प्रयोग एक, त्यातून प्रश्न दोन, म्हणून प्रयोग दोन, त्यातून निष्कर्ष. टायर, फळी, बाटली. कुठेही खेप फसल्याचं दिसत नाही. नव्याने आलेला विद्यार्थी हे वाचतो, मग स्वतःच्या टेबलाकडे बघतो, जिथे तिसराच टप्पा चौदाव्यांदा अडलाय, आणि त्याला वाटतं की आपल्यातच काहीतरी कमी आहे. हुशार मुलं पहिल्या दीड वर्षात कोमेजतात त्यामागे हा गैरसमज मला वारंवार दिसतो. त्यांना कुणी सांगितलेलंच नसतं की समोरची फिल्म एडिट केलेली आहे. म्हणून माझा निवाडा असा: वस्तूंच्या बाबतीत ही फिल्म सगळ्यात प्रामाणिक, वेळेच्या बाबतीत सगळ्यात अप्रामाणिक. कलाकृती म्हणून मी तिला पूर्ण माफ करतो. तिने विज्ञान शिकवायचा दावा कधी केलाच नव्हता. दावा आपण तिच्यावर लादतो.

टेबल: 'फ्रेम्स ऑफ रेफरन्स'

इथे एक छोटा थांबा. १९६० ची ही कृष्णधवल फिल्म अमेरिकेतल्या शाळांच्या भौतिकशास्त्राच्या अभ्यासक्रमासाठी, पीएसएससी या प्रकल्पात झाली. टोरोंटो विद्यापीठाचे दोन प्राध्यापक, ह्यूम आणि आयव्ही, पडद्यावर आहेत. सुरुवातीलाच एक सरळ उभा आणि दुसरा उलटा दिसतो, आणि थोड्याच वेळात कळतं की उलटा कोण हे ठरवणारा कॅमेराच होता. पुढे दोघं एका फिरत्या मंचावर टेबलाच्या दोन टोकांना बसतात आणि एकमेकांकडे एक चकती सोडतात. मंचावरच्या कॅमेऱ्यातून चकती वळताना दिसते, बाहेरच्या कॅमेऱ्यातून सरळ जाताना.

फसवणूक इथेही आहे, आणि 'पॉवर्स ऑफ टेन'पेक्षा जास्त आहे. पण इथे ती दाखवून दिलेली आहे. कॅमेरा कुठे बांधलाय हे सांगितल्याबरोबर तीच फसवणूक प्रयोग होते. तुमच्या विषयात कॅमेऱ्याच्या जागी प्रश्नावली असेल, सर्व्हेला गेलेली व्यक्ती असेल, एखादं सॉफ्टवेअर असेल. ते कुठे बांधलंय ते लिहा. 'मेथड' प्रकरणाचा अर्धा जीव एवढ्यातच आहे.

भोवरा: 'टॉप्स'

आणि आता माझी आवडती. पुन्हा ईम्स जोडप्याचीच, १९६९ ची, सात मिनिटांची. विषय: भोवरे. शंभराहून जास्त भोवरे, जपान, चीन, भारत, युरोप, अमेरिका असे ठिकठिकाणचे. निवेदन शून्य. संगीत एल्मर बर्नस्टीनचं, तेच ज्यांनी पुढे 'पॉवर्स ऑफ टेन'ला दिलं.

बाकी फिल्म्समध्ये कट लपवलेत, इथे फिल्मच कटांची बनलेली आहे. दर काही सेकंदांनी नवा भोवरा. पण क्रम बघा. आधी तयारी: जाळी गुंडाळणारे हात, बोटांच्या चिमटी. मग सोडणं. मग फिरणं. मग डुलणं आणि शेवटी कलंडणं. प्रत्येक भोवऱ्याची पूर्ण गोष्ट सांगत बसण्याऐवजी, सगळ्या भोवऱ्यांची एकेक अवस्था शेजारी शेजारी ठेवलीय. लाकडी, पत्र्याचा, नक्षीचा, साधा. मध्येच टाचणीचा चपटा पिनबोर्ड खिळाही भोवऱ्यासारखा फिरतो आणि आपण हसतो, कारण तोही त्या रांगेत बरोबर बसतो.

ही मांडणी म्हणजे तुलनेची पद्धत आहे. आकार बदलला, वजन बदललं, देश बदलला, सोडायची रीत बदलली, तरी काय तसंच राहिलं? एका शब्दाचंही निवेदन नसल्यामुळे हा प्रश्न फिल्म विचारत नाही, तुम्हाला विचारावा लागतो. दुसऱ्यांदा बघताना माझं लक्ष डुलण्याकडे गेलं. भोवरा जोरात फिरतोय तोवर त्याचा अक्ष अगदी संथपणे गोल घेतो. गिरकी मंदावली की हा गोल उलट वेगाने व्हायला लागतो. मंद होणारी वस्तू एका अर्थाने घाईत येते. बी.एस्सी.च्या पुस्तकात याचं सूत्र आहे: अक्षाच्या गोल फिरण्याचा वेग हा गिरकीच्या वेगाच्या व्यस्त प्रमाणात. पण लहानपणी जाळीने भोवरा फेकलेल्या प्रत्येकाने हे डोळ्यांनी बघितलेलं असतं. आरीवर उभा असलेला भोवरा मरायच्या आधी कसा भेलकांडतो, ते सूत्राशिवायही माहीत असतं. फिल्म ती ओळख परत देते आणि मग सूत्र वाचताना ते आपलं वाटतं.

हे बघणं ईम्स जोडप्याकडे कुठून आलं याचा एक धागा आपल्याकडेही आहे. १९५८ मध्ये भारत सरकारच्या निमंत्रणावरून ते इथे आले, फिरले आणि त्यांनी एक अहवाल लिहिला. तीन वर्षांनी अहमदाबादला राष्ट्रीय डिझाइन संस्था उभी राहिली त्यामागे तो अहवाल आहे. त्यातला गाजलेला भाग आहे लोट्यावरचा. आपला रोजचा पितळी लोटा घेऊन ते एकामागून एक प्रश्न विचारत जातात: किती मावायला हवं, डोक्यावर की कमरेवर न्यायचा, ओतताना तोल कसा राहतो, आत हात घालून घासता येतो का, किंमत किती. कुठलाही एक माणूस लोट्याचा डिझायनर नाही, पिढ्यांनी तो घडवला, हा त्यांचा मुद्दा. 'टॉप्स' मला त्या लोट्याची बहीण वाटते. एक वस्तू, खूप प्रश्न, आणि उत्तर द्यायची घाई नाही.

दोष नाहीत असं नाही. फिल्म इतक्या जवळून घेतलीय की अंगठ्याएवढा आणि नारळाएवढा भोवरा पडद्यावर सारखाच दिसतो. मापपट्टी नाही, घड्याळ नाही. कुठला भोवरा किती वेळ फिरला ते कळायला मार्ग नाही. शिवाय सगळे भोवरे एकाच क्रमाने जगतात-मरतात हे गृहीत एडिटिंगमध्येच बसवलेलं आहे. पण हे दोष उघड्यावर आहेत. तुम्हाला दिसतात, म्हणून तुम्ही ते भरून काढू शकता. बाटलीच्या झाकणाला भोक पाडून काडेपेटीची काडी खोचा, झाली फिरकी. काडी वर-खाली सरकवा, प्रत्येक उंचीला दहा वेळा फिरवा, मोबाइलवर वेळ घ्या, आणि दहाच्या दहा आकडे लिहा. ती तुमची 'टॉप्स'ला जोडलेली पुरवणी.

पुन्हा करता येतं का?

इथे पुण्याच्या अरविंद गुप्तांची आठवण येणं अटळ आहे. टाकाऊ वस्तूंपासून खेळणी करायला शिकवणाऱ्या त्यांच्या एक-दोन मिनिटांच्या शेकडो फिल्म्स मराठीसह अनेक भाषांत आहेत. आयुकाच्या मुक्तांगण विज्ञान शोधिकेत असताना त्यांनी आणि सहकाऱ्यांनी त्या केल्या. प्रायोगिक सिनेमा म्हणून त्यांच्याकडे कुणी बघत नाही आणि ते ठीकच आहे. दृश्य म्हणून त्या साध्या आहेत: टेबल, दोन हात, आवाज.

पण त्यांची साधी इलेक्ट्रिक मोटर बघा. सेल, दोन सेफ्टी पिना, चुंबक, इनॅमल लावलेल्या तांब्याच्या तारेचं वेटोळं. मोटर फिरते की नाही हे एका बारीक गोष्टीवर ठरतं: तारेच्या टोकांवरचं इनॅमल सगळं खरवडायचं नाही, एका बाजूचं ठेवायचं. प्रत्येक फेरीत प्रवाह थोडा वेळ तुटतो, म्हणूनच वेटोळं एका दिशेने फिरत राहतं. चकचकीत फिल्मने ही जागा कट केली असती, कारण खरवडणं बघायला कंटाळवाणं. इथे ते दाखवलंय, कारण फिल्मचा हेतू तुमच्या टेबलावर मोटर फिरावी हा आहे. जो टप्पा काढला तर दुसऱ्याला प्रयोग परत करता येणार नाही, तो टप्पा कधीही कट करायचा नाही. मेथडॉलॉजीचा एवढा स्पष्ट नियम मला जाड पुस्तकांतही सापडलेला नाही.

तुमच्या कामात

शेवटी, बघायचा क्रम. आधी 'टॉप्स', दोनदा, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. मग 'फ्रेम्स ऑफ रेफरन्स'. मग 'डेर लाउफ डेर डिंगे', पेन घेऊन, जोड मोजत. 'पॉवर्स ऑफ टेन' शेवटी, म्हणजे ती भारावून टाकायच्या आत तुम्ही तयार असाल.

त्यानंतर एक काम करा. तुमच्या एम.ए. किंवा एम.एस्सी.च्या प्रोजेक्टचा रिपोर्ट बाहेर काढा. प्रत्येक पानावर जिथे जिथे कट आहे तिथे पेन्सिलने आडवी रेघ मारा. 'निवडक मुलाखती' लिहिलंय? किती झाल्या, किती निवडल्या, कुणी निवडल्या? 'प्रातिनिधिक प्रतिमा' लिहिलंय? किती प्रतिमांमधून ती काढली? मग प्रत्येक रेघेपुढे तीनपैकी एक लिहा: दाखवला, लपवला, माहीत नाही. पीएच.डी.च्या मुलाखतीत तज्ज्ञ बोट ठेवतात ते नेमकं 'माहीत नाही'वर. त्या रेघांची उत्तरं आधी शोधून ठेवा. ज्यांची सापडणार नाहीत, त्यांतल्या एखाद्यातून तुमच्या सिनॉप्सिसचा प्रश्न निघू शकतो.